माझ्या मरणाचा फ्लेक्स आणि तुझं रद्द झालेलं तिकीट

वेळ्ळियांकरा,
मीनम महिन्याची सात तारीख

चि. शंकुण्णी यास, अद्याप जिवंत असलेल्या थोरल्या भावाचे अनेक आशीर्वाद.

तिकडे गल्फात, सलालाला तुझी साखर आता किती असते? तुझ्या बायकोचे, ओमनाचे गुडघे कसे आहेत? इकडे माझी तब्येत उत्तम आहे. हे वाक्य मी दोनदा गिरवून लिहिलंय, कारण गेल्या गुरुवारपासून या गावात माझ्या तब्येतीबद्दल वेगळं मत आहे. डावीकडची दाढ सोडली तर मला काहीही झालेलं नाही. सुभद्राही बरी आहे. म्हणजे मधे काही तास विधवा झाली होती, मग पुन्हा सौभाग्यवती झाली. दोन्ही वेळा तिच्या चेहऱ्यात मला फारसा फरक दिसला नाही, पण ते जाऊ दे.

आता तू म्हणशील, अकरा वर्षं ज्यानं एक ओळ लिहिली नाही तो आज पत्र कसं लिहायला बसला. (तूही लिहिली नाहीस. पण मी थोरला आहे, मी का आधी लिहायचं?) तर ऐक. गुरुवारी माझ्या निधनाची बातमी तुला कळली. ओमनानं तुझ्या वहिनीला जे सांगितलं त्याप्रमाणे तू दुकानाचं शटर अर्धं खाली ओढलंस, दुरुस्तीला आलेल्या मिक्सरांच्या घोळक्यात स्टुलावर तासभर बसून राहिलास, आणि मग उठून शनिवारच्या विमानाचं कोळिकोडपर्यंतचं तिकीट काढलंस. शुक्रवारी मी जिवंत असल्याचं तुला कळलं. तेव्हा तू 'असं होय' म्हणालास आणि तिकीट रद्द केलंस. रद्द! भाऊ मेला तर विमान आणि जगला तर काही नाही, हा कुठला न्याय रे? माझा सगळा संताप या एका गोष्टीपाशी येऊन थांबतो. पण तिथं पोचेपर्यंत बाकीच्या मंडळींवरही संतापून घेतलं पाहिजे, म्हणून क्रमानं सांगतो.

आपल्या नदीकाठच्या लोकांना सिनेमावाल्यांचं नवल नाही, हे तुला ठाऊकच आहे. आपण लहान असताना दर दोनतीन महिन्यांनी पांढऱ्या गाड्या यायच्या, पुलाखालच्या वाळूत नायक कुणाला तरी लोळवायचा, आणि घराणं दाखवायचं झालं की वडक्केपाट मनेचा, त्या नंबुद्रींच्या वाड्याचा, बारा खांबांचा व्हरांडा ठरलेला असायचा. कोल्लमचा नायक असो नाहीतर कोट्टयमचा, पडद्यावर सगळे आपल्यासारखं बोलायचे. मात्र आपल्यासारखं राहायचं कुणीच नाही. आता सगळं उलटं झालंय. आता त्यांना खरं हवं असतं. घर खरं, स्वयंपाकघर खरं, माणसं खरी, घाम खरा. आपला मोइदुट्टी चहा गाळता गाळता म्हणतो, "पूर्वी हिरो घोड्यावर यायचा, आता लुंगी नेसून माझ्याच बाकावर बसून माझीच केळ्याची भजी, पळंपोरी खातो. मग मी तिकीट कशाला काढू? आरसा पुसून बघतो की." (आणि हाच माणूस दर शुक्रवारी पहिल्या खेळाला ओट्टप्पालमला जातो आणि परत येऊन तीन दिवस दिग्दर्शकाच्या चुका काढतो.)

दोन महिन्यांमागे, मकरम महिन्यात अशीच एक गाडी आली आणि त्यातून एल्डो नावाचा दिग्दर्शक उतरला. कोचीचा पोरगा, वय तिशीच्या आत, दाढी संन्याशाची आणि चड्डी तिसरीतल्या मुलाची. त्यानं मनेकडे ढुंकूनही पाहिलं नाही. गावभर फिरून आपल्या दारात येऊन उभा राहिला आणि हरखून म्हणाला, "माषे, हेच! हेच घर!" मी चाळीस वर्षं शाळेत माष म्हणून शिकवण्यात घालवलेला माणूस, मुलाच्या डोळ्यांत कौतुक दिसलं की विरघळतो. मी लगेच हो म्हणालो. नंतर त्याची सहायक जिन्सी हिच्या वहीत मी डोकावलो तर आपल्या घरापुढे लिहिलं होतं, 'कनिष्ठ मध्यमवर्ग, थोडं उदास.' उदास! आपल्या वडिलांनी, अच्छननं स्वतःच्या हातानं चिरा वाहून बांधलेलं घर, आणि उदास. तरीही पाहुणे येणार म्हणून मी स्वखर्चानं भिंतींना फिकट हिरवा रंग काढला, खिडक्यांना तांबडा. शूटिंगच्या चार दिवस आधी एल्डो आला, त्यानं घर बघितलं आणि तो पायरीवर डोकं धरून बसला. त्यानंतर दोन दिवस त्याची माणसं माझ्या नव्या कोऱ्या भिंतींवर चहाचं पाणी आणि चुलीची काजळी फासत होती. घर होतं तसं झालं, उलट आणखी दहा वर्षांनी म्हातारं झालं. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच, आणि ही तर सुरुवात होती.

ती जिन्सी म्हणजे आणखी एक प्रकरण. कोट्टयमकडची, बोलायला गोड, पण जुनं सामान शोधायला तिला मांजराचं नाक आहे. अम्माची पितळी पिकदाणी, माझी शाळेतली मोडकी छत्री, अच्छनचा कंदील, सगळं तिनं उकरून बाहेर काढलं. भाताच्या कोठीचं कुलूपही उघडायला लावलं. त्या कोठीत तिला काय सापडलं आणि ते बघून ती कशी किंचाळली, ते इथं लिहीत बसत नाही, पत्र लांबेल.

मग नटांची निवड झाली. एल्डो म्हणाला, मुख्य दोघं सोडून बाकी सगळी गावातलीच माणसं घेणार. शंकू, तुला माहीत आहे, शाळेच्या स्नेहसंमेलनाचं नाटक एकतीस वर्षं मी बसवलं. रावण केलाय, सॉक्रेटिस केलाय, संपावर गेलेला गिरणी कामगार केलाय. (त्या कामगाराला बघून वेलायुधन रडला होता, आणि तो तेव्हा आधीच कम्युनिस्ट पार्टीत होता.) मी दाढी करून, धुवट मुंडू नेसून कॅमेऱ्यासमोर उभा राहिलो आणि एका बापाचा पुत्रशोक करून दाखवला. एल्डोनं शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाला, "माषे, छान होतं, पण तुम्ही अभिनय करता." मी म्हटलं, बाबा रे, मग काय करायचं असतं? तो म्हणाला, काही करायचं नसतं. एवढ्यात आतून सुभद्रा आली. तिला यातलं काही ठाऊक नव्हतं. ती मला म्हणाली, "छाती बडवून झाली असेल तर नारळ सोलून द्या, दुपार झाली." झालं! सगळी मंडळी टाळ्या पिटायला लागली. एल्डोच्या डोळ्यांत पाणी. तुझ्या वहिनीला चौदा प्रसंगांची भूमिका मिळाली आणि मला मिळाला फोटो.

फोटो म्हणजे तिच्या नवऱ्याचा. सिनेमा सुरू होतो तेव्हा नवरा मेलेला असतो. (गोष्ट काय आहे, असं मी एल्डोला तीनदा विचारलं. तो म्हणतो, माणसं मयताला येतात, जेवतात, जातात. पुढे काय? पुढे काही नाही, माषे. अशा गोष्टीला आता राज्य सरकारचं बक्षीस मिळतं.) मी रागावलो, दोन दिवस जेवलो नाही. मग विचार केला, फोटो तर फोटो, निदान नीट होऊ दे. जिन्सीनं बाजारातली प्लॅस्टिकची माळ आणली होती. आपण वारियर, देवळात माळा गुंफणं हे आपल्या घराण्याचं पिढ्यान्‌पिढ्यांचं काम. आपल्या भिंतीवर प्लॅस्टिक? मी तुळस आणि तेच्चीची तांबडी फुलं आणून स्वतःच्या फोटोची माळ स्वतः गुंफली. आणि नाक्यावर लावायच्या फ्लेक्सवर ते कुठल्याशा काल्पनिक कुट्टन पिळ्ळेचं नाव घालणार होते, तिथंही मीच अडून बसलो की चेहरा माझा तर नावही माझंच, हुद्द्यासकट. 'के. अच्युत वारियर माष, निवृत्त मलयाळम अध्यापक, यांना अश्रुपूर्ण आदरांजली.' मजकुरात दोन चुका होत्या, त्या तांबड्या पेनानं दुरुस्त करून दिल्या. म्हणजे दोष कुणाला द्यायचा म्हटलं तर आधी मीच सापडतो. हे तुझ्यामाझ्यात.

गुरुवारी मयताचा प्रसंग व्हायचा होता. पहाटेच फ्लेक्स नाक्यावर लागला, कारण नायक सायकलवरून येतो आणि त्याला तो दिसतो एवढं त्यांना उजाडता उजाडता टिपायचं होतं. टिपून झालं आणि ते सगळे आपल्या घरी आले. फ्लेक्स तिथंच राहिला. मला माझ्या घरचं माझं मयत बघवेना, म्हणून मी फोन बंद करून सातच्या बसनं ओट्टप्पालमला दाढ दाखवायला गेलो. फ्लेक्स बसच्या खिडकीतून बघितला. खरं सांगतो, शोभत होता.

आता आपल्याकडे नाक्यावर असा फ्लेक्स लागला की पुढे काय होतं ते तुला सांगायला नको. तो काही घरच्यांना विचारून खात्री करायचा कागद नसतो. तीच खात्री. साडेसातला मोइदुट्टीनं तो बघितला, पावणेआठला वेलायुधननं पार्टी ऑफिसवर आणि वाचनालयावर काळं निशाण लावलं, आठला फ्लेक्सचा फोटो तुम्हा गल्फवाल्यांच्या त्या 'वेळ्ळियांकरा प्रवासी' ग्रुपवर पोचला आणि तुझ्यासकट मस्कतपासून दोह्यापर्यंत सगळ्यांनी हात जोडल्याची चित्रं टाकली. (एकानं चुकून वाढदिवसाचा केक टाकला. तो कोण ते मी लक्षात ठेवलंय.) लोक घरी आले, तर व्हरांड्यात समई पेटलेली, माझा फोटो, मी गुंफलेली माळ, आणि शेजारी पांढरं मुंडू नेसून भिंतीला टेकलेली सुभद्रा. आता कुणाला शंका येईल? (देह ओट्टप्पालमच्या इस्पितळातून यायचा असेल, असं ज्यानं त्यानं धरून घेतलं.) कॅमेरा होता म्हणावं, तर हल्ली मयताला कॅमेरा असतोच, गल्फमधल्या मुलांना दाखवायला. लोक वहाणा काढून रांगेनं आत आले. आणि एल्डोनं काय केलं? थांबवलं? छे! त्याला आयुष्यात एवढी खरी माणसं फुकट मिळाली नव्हती. त्यानं सगळ्यांना खुणेनं गप्प केलं आणि कॅमेरा चालू ठेवला. सुभद्रेला वाटलं ही सगळी एल्डोचीच माणसं, म्हणून तीही बिचारी जमेल तशी रडत राहिली.

मी एकच्या बसनं परत आलो. नाक्यावर उतरलो तर दुकानं बंद, रिक्षा नाहीत, पार्टी ऑफिसवर काळं निशाण. मला काय वाटलं असेल, सांग! मला वाटलं हरताळ. आणि वाटणारच की. मी तिथंच उभा राहून मोठ्यानं बोललो की या लोकांना हरताळाशिवाय दुसरं काही सुचत नाही, सामान्य माणसाची कुणाला पर्वा नाही, कुठल्या पक्षाचा हरताळ आहे आज? उत्तर द्यायला माणूसच नव्हता, सगळे माझ्या घरी होते. स्वतःच्या दुखवट्याला शिव्या घालत, दाढेवर हात धरून, भर उन्हात मी दीड किलोमीटर चालत घरी आलो.

फाटकात शीतपेटीची गाडी उभी. दक्षिणेच्या कुंपणापाशी अम्मानं लावलेल्या आंब्यावर दोन माणसं चढलेली आणि खाली वेलायुधन कमरेला मुंडू खोचून, कुऱ्हाड कुठं मारायची ते दाखवतोय. माझ्या सरणासाठी आंबा! उतावळा नवरा गुडघ्याला बाशिंग! एक मोठी फांदी, मोहोर आणि सुपारीएवढ्या कैऱ्यांसकट, आधीच खाली आली होती. मी ओरडणार, एवढ्यात कुंपणापलीकडून मोइदुट्टीचा आवाज ऐकू आला. तो कुणाला तरी सांगत होता, "शंकू येतोय म्हणे शनिवारी. त्याच्यासाठी पेटीत ठेवायचंय तोवर. आता येऊन काय करणार म्हणा. जिवंतपणी एकदा आला असता तर माष दहा वर्षं आणखी जगला असता." मी फाटकातच थोडा वेळ उभा राहिलो. ऊन फार होतं म्हणून.

मग आत गेलो. आपल्याच मयताला पोचलेल्या माणसाचं स्वागत कसं होईल असं तुला वाटतं? किंकाळ्या? मिठ्या? एल्डो कॅमेऱ्यामागून वाकून, हात हलवत, दबक्या आवाजात म्हणाला, "माषे, फ्रेमच्या बाहेर व्हा, प्लीज!" मी माझ्या घराच्या, माझ्या व्हरांड्याच्या, माझ्या मरणाच्या फ्रेमबाहेर झालो. तेवढ्यात मोइदुट्टीनं मला पाहिलं. त्याचं तोंड उघडंच राहिलं, आणि मग तो चिडला. "माष, तू मेला नाहीस? अरे, मी दुकान बंद करून आलोय! तीस कप दूध तापवलेलं होतं!" त्यानं माझे दोन्ही दंड घट्ट धरले होते आणि सोडत नव्हता, हे खरं, पण तोंड चालूच. शीतपेटीवाला म्हणाला, रिकामी परत नेता येत नाही, सही लागेल. वेलायुधन कुऱ्हाड पाठीमागे लपवत आला आणि म्हणाला, "माषे, आनंदच आहे. पण शोकप्रस्ताव मंजूर झालाय, वरच्या कमिटीलाही कळवलाय. आता मागे घ्यायचा तर बैठक बोलवावी लागेल." बैठक अजून झालेली नाही. म्हणजे आजच्या तारखेला, पार्टीच्या कागदोपत्री, मी वारलेला आहे.

वेलायुधनच्या त्या शोकप्रस्तावात काय होतं माहीत आहे? एकतीस नाटकांचा उल्लेख एका ओळीत, आणि भगवती टॉकीजचा उल्लेख चार ओळींत. अच्छनची झावळ्यांची टॉकीज, समोर वाळू, मागे बाक, त्यामागे पंधरा खुर्च्या. संध्याकाळी कर्ण्यावर देवाचं गाणं लागलं की गावातल्या बायका भात उतरवायच्या आणि पोरं कुंपणावरून उड्या टाकायची. नायर, मापिळ्ळे मुसलमान, अस्पृश्य मानलेले चेरुमन, नदीपलीकडचे ख्रिस्ती, सगळे एकाच वाळूत बसून एकाच जागी रडायचे. देवळाच्या जेवणावळीत जे जमलं नाही ते तिथं जमलं, असं वेलायुधननं लिहिलंय, आणि ते खोटं नाही. तू मशीनवर, मी तिकिटांच्या खिडकीत. रीळ तुटलं की लोक तुला नावानं शिव्या द्यायचे आणि जोडलं की टाळ्या. मग घरोघरी टीव्ही आले आणि शेवटी वाळूत सात माणसं उरली, त्यातली तीन फुकटची. मी तिचा लग्नाचा हॉल केला. साऱ्या जिल्ह्यात सगळ्यांनी तेच केलं. आता जिथं पडदा होता तिथं पायसमची पातेली ठेवतात. तू म्हणालास, एट्टा, मला विचारलं का नाहीस? विचारलं नाही, हे बरोबर. पण हॉलच्या उद्घाटनाच्या दिवशी, चारशे पाहुण्यांच्या देखत तू फोनवर दरडावून विचारलंस, "माझं मशीन कुठंय?" मी पण वारियरच. मी म्हणालो, भंगारात घातलं. तू फोन ठेवलास. तो अकरा वर्षं ठेवलेलाच आहे.

आता मुख्य मुद्द्यावर येतो. तुला मी जिवंत असल्याचं कळायला शुक्रवार दुपार का उजाडली, असं ओमनानं विचारलं म्हणे. त्याचं कारण असं की सुभद्रेचा फोन शूटिंगवाल्यांनी काढून घेतलेला होता, आणि मेल्याची बातमी लोक पुढे धाडतात तशी जिवंत असल्याची कुणी धाडत नाही. यात माझा काही संबंध नाही. पण कळल्यावर तू तिकीट रद्द केलंस, यात तुझा संबंध आहे. मी दुखावलो असं समजू नकोस. मला फक्त तर्क कळत नाही. जो भाऊ बोलणार नाही, उठून बसणार नाही, चहा विचारणार नाही, त्याला बघायला समुद्र ओलांडून येणार होतास, आणि जो चहा विचारेल त्याच्यासाठी नाही. मी आयुष्यभर मुलांना निबंध तपासून दिले. अशा तर्काला मी पास केलं नसतं. असो. तुला यायचंच नसेल तर मी काही आग्रह करणारा माणूस नाही, आजवर केला नाही, यापुढेही करणार नाही.

ओमनाला आशीर्वाद. साखर जपावी. रात्री भात खाऊ नये.

तुझा,
अच्युत एट्टन

ता.क. ती तोडलेली फांदी फुकट जाऊ नये म्हणून सुभद्रेनं तिच्या कोवळ्या कैऱ्या भरणीत मिठाला घातल्या आहेत. पुढच्या महिन्यात विषूच्या सणापर्यंत लोणचं मुरेल. माझ्या सरणाच्या फांदीचं लोणचं मीच खाणं बरं दिसत नाही, आणि तुला हे लोणचं लहानपणापासून आवडतं, म्हणून आपलं कळवलं. पार्सलनं पाठवलं असतं, पण तुझ्या विमानतळावरचे लोक भरणी उघडून बघतात.

आणखी एक ता.क. भाताच्या कोठीत जिन्सीला जे सापडलं ते तुझं मशीन. भंगारात घातलं नव्हतं. तू नुसतं विचारलं असतंस तर सांगितलं असतं, दरडावलंस म्हणून तोंडून तसं गेलं, आणि एकदा गेल्यावर मागे कसं घ्यायचं ते मला अकरा वर्षांत सुचलं नाही. दर महिन्याला तेल देतो. एल्डोला ते सिनेमासाठी हवं होतं, मी सांगितलं माझं नाही, ज्याचं आहे त्याला विचार. त्याला विषूच्या दुसऱ्या दिवशी आपल्या हॉलमध्ये गावाला एखादा जुना सिनेमा त्याच मशीनवर दाखवायचाय. रीळ चढवायला पंचक्रोशीत कुणाला येत नाही. मी प्रयत्न केला, बोट भाजलं. जुनं तिकीट रद्द केलं असलंस तर नवीन निघतं, असं ओट्टप्पालमचा एजंट म्हणाला. मी सहज विचारलं होतं. आणि एकदा या खोट्या मरणाला येऊन जा, कारण खऱ्याला येशील तेव्हा तुला न्यायला मी विमानतळावर येऊ शकणार नाही. येताना सगळे गल्फवाले आणतात तसा बाम आणू नकोस, घरात सात बाटल्या आहेत.

(हे पुढचं माझं, सुभद्रेचं. पाकीट चिकटवायला माझ्याकडे दिलं होतं, वाचलं.) भावोजी, नमस्कार. माझा फोन कुणी काढून घेतला नव्हता, कमरेलाच खोचलेला होता. त्या दिवशी हे आत आले, आंब्याचं काही बोलले नाहीत, शीतपेटीकडे बघितलं नाही. मला बाजूला घेऊन एवढंच विचारलं, शंकू खरंच निघालाय का. मी म्हटलं, हो, शनिवारी पोचणार. तेवढ्यात ओमनाचा फोन वाजला तर यांनी माझा हात धरला. मोइदुट्टीलाही ग्रुपवर काही टाकू दिलं नाही. शुक्रवारी ओमनानं चौथ्यांदा केला, तुम्ही जेवत नाही म्हणाली, मला राहवलं नाही आणि मी उचलला. त्यावरून हे माझ्याशी अजून धड बोलत नाहीत. गुरुवारी माझा हात धरून म्हणाले होते, "सुभद्रे, शनिवारपर्यंत मला मेलेलाच राहू दे."